भूमिकेचा मान आणि नटीचे नाव

चित्रपटातील नटीची जी प्रतिमा लोकमानसात तयार होते ती कोणाच्या हातची, असा प्रश्न मुंबई-पुण्याकडे विचारला म्हणजे उत्तरादाखल स्टुडिओ, मासिके आणि प्रसिद्धिखाती यांचा उल्लेख होतो. पण हाच प्रश्न बुलढाणा जिल्ह्यात बसून विचारावयाचा झाल्यास प्रथम रेल्वेचा नकाशा उघडावा लागतो. या जिल्ह्याचे घाटाखालचे आणि घाटावरचे असे जे दोन भाग पूर्वापार मानले जातात, त्यांपैकी मलकापूर, नांदुरा, शेगाव ही गावे भुसावळ-नागपूर लोहमार्गावर वसलेली, खामगावास जलंबहून फाटा गेलेला, आणि चिखली, मेहकर, लोणार, देऊळगाव राजा, सिंदखेड राजा हा घाटावरचा सारा मुलूख मात्र आगगाडीच्या शिटीपासून दूर राहिलेला. चित्रपटांचे डबे रेल्वेने उतरत, घाटाखालच्या थिएटरांतून फिरत, आणि मग मोटारीने घाट चढून आमच्याकडे येत. त्यामुळे मुंबईत जी नटी प्रौढ होऊन आईच्या भूमिका करू लागलेली असे, ती आमच्या तंबू टॉकीजांत अद्याप नायिका म्हणूनच वावरत असे. चित्रव्यवसायाच्या दप्तरात या प्रदेशाचे नाव आजही 'सी. पी. बेरार' असेच चालते, आणि त्या व्यापारातील सेंट्रल सर्किट सिने असोसिएशन या संस्थेचे मुख्य ठाणे भुसावळास आहे. वऱ्हाड १९५६ साली द्विभाषिक मुंबई राज्यात आला; मध्यप्रांत-वऱ्हाड हे नाव राज्यकारभारातून त्याआधीच, १९५० साली, गेले होते. वितरकांच्या करारपत्रांतून ते हलले नाही.

या दूरत्वामुळे एक गोष्ट झाली, आणि तीच या लेखाचा विषय आहे. आमच्या प्रेक्षकास नटीचे दर्शन कधी घडले नाही. त्याला घडले ते भूमिकेचे. माझ्या लहानपणी मेहकरास उन्हाळ्यात तंबू टॉकीज लागत असे. भालजी पेंढारकरांचा 'मराठा तितुका मेळवावा' हा १९६४ सालचा चित्रपट आमच्याकडे आला तेव्हा माझी आजी, जिने आयुष्यात तोवर एकही बोलपट पाहिला नव्हता, ती शेजारणींसह बायकांच्या बाजूच्या जाजमावर जाऊन बसली. सिंदखेड राजा आमच्याच घाटावरचे, जिजाऊंचा जन्म तेथल्या जाधवांच्या वाड्यात झालेला, आणि पडद्यावर त्या जिजाऊ येणार, एवढे कारण तिला पुरेसे होते. सुलोचनाबाई जिजाऊंच्या वेषात दिसताच आजीने बसल्या जागी हात जोडले. घरी परतल्यावर मी त्या नटीचे नाव विचारले, तेव्हा ती माझ्यावर रागावली. 'थे जिजाऊ हाय, नटी नाई,' एवढेच तिचे उत्तर. त्या एका वाक्यात जेवढा आदर होता तेवढाच नकारही होता, हे समजण्यास मला पुढे पुष्कळ वर्षे लागली.

हा नकार आजीचा एकटीचा नव्हता; तो या कलेच्या जन्माबरोबर आलेला आहे. दादासाहेब फाळक्यांनी १९१३ साली 'राजा हरिश्चंद्र' काढला तेव्हा तारामतीच्या भूमिकेसाठी त्यांना स्त्री मिळाली नाही आणि साळुंके या तरुणास लुगडे नेसावे लागले. त्याच साळुंक्यांनी १९१७ च्या 'लंकादहना'त राम आणि सीता या दोन्ही भूमिका केल्या. 'मोहिनी भस्मासुरा'त दुर्गाबाई कामत आणि त्यांची अल्पवयीन कन्या कमलाबाई, पुढे ज्या कमलाबाई गोखले म्हणून ओळखल्या गेल्या, यांनी पार्वती आणि मोहिनी साकारून तो बांध फोडला खरा, परंतु त्यासाठी या मायलेकींनी समाजाचा जो रोष पत्करला त्याची किंमत कोणत्याही जमाखर्चात लिहिलेली सापडणार नाही. स्त्रीचे रूप पडद्यावर हवे, स्त्री मात्र नको, ही आपल्या समाजाची पहिली मागणी होती, आणि माध्यमे बदलत गेली तरी ती मागणी निरनिराळ्या पोशाखांत पुनःपुन्हा समोर आली.

दुर्गा खोटे यांचे उदाहरण या दृष्टीने फार बोलके आहे. १९३१ साली 'फरेबी जाल' या चित्रपटात त्यांनी अल्पशी भूमिका केली तेव्हा सुशिक्षित, प्रतिष्ठित घरातील सून पडद्यावर आली हाच जाहिरातीचा विषय झाला, आणि चित्र सुमार निघाल्याने त्या कुलीनतेचाच उपहास झाला. पुढच्याच वर्षी प्रभातच्या 'अयोध्येचा राजा' या बोलपटात त्या तारामती झाल्या आणि काल ज्यांनी नाके मुरडली त्यांनीच त्यांच्यापुढे मान लवविली. बाई तीच आणि घराणेही तेच. मधल्या काळात बदलली होती फक्त भूमिका. परंतु दुर्गाबाई तेथे थांबल्या नाहीत, आणि त्यांचे खरे मोठेपण मला येथे दिसते. १९३७ साली 'साथी' या चित्रपटाची निर्मिती आणि दिग्दर्शन त्यांनी केले. मुंबई मराठी साहित्य संघाच्या रंगमंचावर शिरवाडकरांच्या 'राजमुकुटा'त मॅकबेथच्या पत्नीचे मराठी रूप त्यांनी उभे केले. उतारवयात लघुपट व जाहिरातपट काढले. आणि १९८८ साली दूरदर्शनवर 'वागले की दुनिया' ही मालिका आली ती त्यांच्याच निर्मितिसंस्थेची होती. मूकपटाच्या अखेरीपासून दूरचित्रवाणीपर्यंतची एवढी माध्यमे एकाच स्त्रीने ओलांडली, आणि प्रत्येक टप्प्यावर निर्णयाचा थोडा अधिक भाग आपल्या हाती घेतला. त्यांचे 'मी, दुर्गा खोटे' हे आत्मचरित्र वाचताना जाणवते की या बाईला आपल्या प्रतिमेविषयी तक्रार फारशी नाही, कारण ती घडविण्याचे साहित्य तिने हळूहळू स्वतःकडे आणून ठेवले होते.

स्टुडिओच्या पगारपत्रकावर असलेल्या नट्यांची गोष्ट वेगळी होती. 'कुंकू'तील नीरा होऊन विजोड लग्नाविरुद्ध ठामपणे उभ्या राहिलेल्या शांता आपटे यांनी १९३९ साली प्रभातच्या फाटकाशी उपोषण केले, आणि पुढील वर्षी 'जाऊ मी सिनेमात?' हे पुस्तक लिहून चित्रसृष्टीत येऊ पाहणाऱ्या मुलींस या धंद्याचे आतले स्वरूप सांगितले. नीरेचे बंड प्रेक्षकांनी डोक्यावर घेतले, शांताबाईंच्या बंडास तऱ्हेवाईकपणा म्हटले गेले. लीला चिटणीस १९४१ साली साबणाच्या जाहिरातीत झळकल्या, आणि चित्रपट न पाहणाऱ्या घरांतही नटीचा चेहरा वाण्याच्या दुकानावाटे शिरू लागला. माझ्या मते हा बदल बोलपटाइतकाच महत्त्वाचा होता. पडद्यावरची स्त्री कथेच्या चौकटीत असते, तिला सुखदुःख असते, ती काही बोलते. जाहिरातीतील स्त्रीस केवळ कांती असते. तिची प्रतिमा येथे प्रथमच कथेपासून सुटली, परंतु सुटून ती स्वतंत्र झाली नाही; मालाच्या दिमतीला लागली.

ध्वनिमुद्रिकेने तर निराळाच प्रकार केला. १९४९ च्या 'महल' चित्रपटातील लता मंगेशकरांचे गाजलेले गीत ज्या तबकडीवर प्रथम बाजारात आले, तिच्यावर गायिकेचे म्हणून नाव छापले होते 'कामिनी', म्हणजे चित्रपटातील पात्राचे! रेडिओवर ते लागल्यानंतर ही गाणारी कोण, अशी विचारणा श्रोत्यांकडून होऊ लागली आणि मग नाव पुढे आले. आजीने सुलोचनाबाईंना जे केले तेच ध्वनिमुद्रिकेच्या कंपनीने लताबाईंना केले होते, फरक इतकाच की आजीने ते भक्तीने केले आणि कंपनीने रिवाज म्हणून.

आता हंसा वाडकरांपाशी मला थोडे अधिक थांबावयाचे आहे, कारण या प्रश्नाची सारी गुंतागुंत त्यांच्या एका आयुष्यात एकवटली आहे. रतन साळगावकर हे त्यांचे मूळ नाव. कोवळ्या वयात, घर चालावे म्हणून, त्या चित्रपटात आल्या आणि येतानाच नाव बदलले गेले. १९४१ साली त्या 'संत सखू' झाल्या, १९४७ साली 'लोकशाहीर रामजोशी'त तमासगिरीण झाल्या, आणि १९५९ साली अनंत मान्यांच्या 'सांगत्ये ऐका'ने पुण्यात १३१ आठवड्यांचा मुक्काम केला. एकाच स्त्रीचे संत आणि तमासगिरीण हे दोन चेहरे प्रेक्षकांनी सारख्याच आवडीने पाहिले. मात्र सखूच्या तसबिरीपुढे उदबत्ती लावणारे आणि तमाशाच्या फडावर फेटे उडविणारे, या दोघांपैकी कोणालाही रतनचे काय चालले आहे हे ठाऊक नव्हते. ते कळले अरुण साधूंनी शब्दांकित केलेले त्यांचे आत्मकथन 'माणूस' साप्ताहिकात येऊ लागले आणि १९७० साली त्याचे पुस्तक झाले तेव्हा. ज्या चित्रपटाने त्यांना कीर्ती दिली त्याचेच शीर्षक त्यांनी आपल्या कथनास दिले, आणि त्या शीर्षकातील क्रियापदाचा कर्ता बदलून टाकला: पूर्वी पात्र सांगत होते, आता बाई सांगत होती. मद्य, मारहाण, घर सोडणे, परत येणे, नको त्या ठिकाणी अडकून पडणे, यांपैकी काहीही त्यांनी झाकले नाही. पुढील वर्षी त्यांचे निधन झाले. १९७७ साली श्याम बेनेगलांनी याच कथनावरून 'भूमिका' काढला आणि स्मिता पाटील यांस त्यातील अभिनयाबद्दल राष्ट्रीय पारितोषिक मिळाले. म्हणजे एका नटीचे जीवन हीच दुसऱ्या नटीची भूमिका झाली. चित्रपटाचे ते नाव मला फार समर्पक वाटते.

स्मिता पाटील यांचा चेहरा लोकांनी प्रथम पाहिला तो मुंबई दूरदर्शनवर बातम्या वाचताना. २ ऑक्टोबर १९७२ रोजी सुरू झालेल्या त्या केंद्राचा प्रकाशझोत घाटावर पोहोचलेला नव्हता, त्यामुळे आम्ही त्यांना पाहिले ते थेट 'जैत रे जैत' आणि 'उंबरठा' यांतून. परंतु ज्यांनी त्यांना बातम्या सांगताना पाहिले त्यांना एका तरुण स्त्रीचा स्वतःच्या नावाने, कोणतेही पात्र न होता पडद्यावर बसण्याचा अधिकार दिसला होता. तो अधिकार नटीस पूर्वी नव्हता.

घाटावर दूरचित्रवाणी खऱ्या अर्थाने आली ती ऐंशीच्या दशकात, आणि रामानंद सागरांच्या 'रामायणा'ने ती प्रत्येक गल्लीत नेली. ज्याच्या घरी संच असेल त्याच्या अंगणात रविवारी सकाळी सारी आळी जमत असे, संचास हार घातला जात असे, आणि माझी आजी, तेव्हा नव्वदीच्या घरातली, खाटेवरून उठून भिंतीस टेकून बसत असे. त्या मालिकेत कौसल्या होत्या जयश्री गडकर, आणि मंथरा होत्या ललिता पवार. जयश्रीबाई म्हणजे 'सांगत्ये ऐका'च्या फडावर नाचलेली, पुढे तमाशापटांची राणी म्हणून वऱ्हाडात ओळखली गेलेली नटी. त्याच बाईंपुढे आता आळीतल्या म्हाताऱ्या हात जोडीत होत्या, आणि जुन्या फडाची आठवण कोणी काढली तर त्याला गप्प बसवीत होत्या. ललिताबाईंचे भाग्य याच्या उलट होते. येवल्यास जन्मलेली अंबू नावाची ही मुलगी मूकपटाच्या काळात नायिका होती, स्वतः चित्रपटांची निर्मितीही तिने केली होती. १९४२ साली एका प्रसंगाच्या चित्रीकरणात बसलेल्या चपराकीने चेहऱ्यास पक्षाघात झाला, एक डोळा कायमचा अधू राहिला, आणि त्या व्यंगावर पुढे साऱ्या हिंदुस्थानची खाष्ट सासू उभी राहिली. एका अपघाताने झालेली जखम तीन पिढ्यांनी स्वभावाचे लक्षण म्हणून वाचली, यापरते मोठे अन्यायाचे उदाहरण मला सुचत नाही. आणि तरीही त्या बाईंनी त्याच डोळ्याच्या बळावर, त्यालाच अभिनयाचे साधन करून, अर्धशतक काम केले.

त्याच सुमारास, १९८७ च्या आसपास, रणजित देसाई यांच्या कादंबरीवरून गजानन जागीरदारांनी दूरदर्शनसाठी 'स्वामी' ही मालिका केली. जागीरदार म्हणजे प्रभातच्या 'रामशास्त्री'तील रामशास्त्री; पेशवाईचे वातावरण त्यांच्या हाडीमासी मुरलेले. या मालिकेत रमाबाई झालेली शाळकरी वयाची मुलगी म्हणजे मृणाल देव, गो. नी. दांडेकरांची नात. पुढे विवाहानंतर मृणाल कुलकर्णी या नावाने त्या मीरा झाल्या, अहिल्याबाई झाल्या, 'सोनपरी'तील परी झाल्या, 'अवंतिका' झाल्या. आणि मग २००८ साली स्टार प्रवाह वाहिनीवर नितीन देसाई यांच्या 'राजा शिवछत्रपती'त त्या जिजाऊ झाल्या. दिग्पाल लांजेकरांच्या 'फर्जंद', 'फत्तेशिकस्त', 'पावनखिंड', 'शेर शिवराज' आणि 'सुभेदार' या २०१८ ते २०२३ च्या चित्रपटांतही जिजाऊंच्या वेषात पुन्हा त्याच आहेत. सुलोचनाबाईंच्या जिजाऊ आमच्या मुलखात तंबू उठेपर्यंतच राहिल्या. मृणालबाईंच्या जिजाऊ मात्र आधी रोज रात्री घरात येत राहिल्या, मग थिएटरांत आल्या, मग भ्रमणध्वनीच्या पडद्यावर हव्या तेव्हा हजर होऊ लागल्या. घाटावरच्या आजच्या पोरांस 'जिजाऊ' म्हटल्याबरोबर डोळ्यांसमोर जो चेहरा येतो तो बहुतेक वेळा त्यांचा असतो, किंवा २०१९ साली सुरू झालेल्या 'स्वराज्यजननी जिजामाता' मालिकेतील नीना कुलकर्णी वा अमृता पवार यांचा असतो.

येथे एक भेद नोंदविल्यावाचून पुढे जाता येत नाही. ज्या 'राजा शिवछत्रपती'त मृणालबाई जिजाऊ होत्या, त्यात महाराजांच्या भूमिकेत डॉ. अमोल कोल्हे होते. भूमिकेने दिलेल्या लौकिकावर ते व्यासपीठावर गेले, आणि २०१९ साली शिरूरमधून लोकसभेत निवडून आले. नटाची भूमिका ही त्याची मिळकत होते, ती त्याच्या नावावर चढते, तिचा तो स्वतःच्या इच्छेप्रमाणे विनियोग करू शकतो. नटीची भूमिका मात्र तिच्यावर पाळत ठेवते. जिजाऊंची किंवा तत्सम आदरणीय स्त्रीची भूमिका केलेल्या अभिनेत्रीने आधुनिक वेषातले छायाचित्र प्रसिद्ध केले की त्याखाली मर्यादेची आठवण करून देणारी मंडळी तत्काळ जमा होतात, आणि त्यांत आमच्या जिल्ह्यातील सुशिक्षित तरुणही असतात, हे मी खेदाने लिहितो. समाजमाध्यमांनी नटीला स्वतःचा आवाज दिला हे म्हणणे खोटे नव्हे. आज ती कोणत्याही संपादकाच्या परवानगीवाचून आपले म्हणणे मांडू शकते. शांता आपटे यांना त्यासाठी फाटकाशी बसावे लागले होते. पण त्या आवाजाच्या जोडीला उत्तर देणाऱ्याचा आवाजही तितकाच जवळ आला. तंबूत आजी पंधरा हात दूर बसली होती, आणि तिच्या नकाराचा ध्वनी सुलोचनाबाईंच्या कानी कधी गेला नाही. आज तो नकार रोज सकाळी अभिनेत्रीच्या तळहातावर येऊन पडतो. अलीकडे यंत्राच्या साहाय्याने कोणाचाही चेहरा कोणत्याही देहावर बसविता येतो, तेव्हा तर प्रतिमेचा अखेरचा धागाही, म्हणजे निदान तो चेहरा आणि तो क्षण तरी तिचा होता एवढा दिलासाही, तुटण्याच्या बेतात आहे.

माझे मत असे की माध्यमांच्या स्थित्यंतराने नटीची प्रतिमा आपोआप सुधारते किंवा बिघडते हा समज टाकून द्यावा. प्रत्येक नवे माध्यम प्रथम जुनाच दंडक घेऊन येते, भूमिकेस मान देते आणि बाईचे नाव बाजूस सारते. त्यात फरक पडतो तो तिने एखादे हत्यार स्वतः उचलले म्हणजे. दुर्गाबाईंनी निर्मितिसंस्था उचलली, शांताबाई, हंसाबाई आणि 'चंदेरी दुनियेत' लिहिणाऱ्या लीलाबाई यांनी शब्द उचलला, आणि मृणाल कुलकर्णी यांनी कॅमेरा उचलला. २०१४ साली त्यांनी दिग्दर्शित केलेला 'रमा माधव' प्रदर्शित झाला. सत्तावीस वर्षांपूर्वी ज्या कथेत त्या दिग्दर्शकाच्या सांगण्याप्रमाणे रमा झाल्या होत्या, तीच कथा आता त्या सांगत होत्या. रमेची भूमिका पर्ण पेठे या तरुण अभिनेत्रीस देऊन स्वतःकडे त्यांनी गोपिकाबाईंची, म्हणजे इतिहासाने फारसे प्रेम न दिलेल्या स्त्रीची भूमिका ठेवली. प्रेक्षकांना आपण ज्या रूपात प्रिय आहोत ते रूप दुसरीच्या हाती सोपवून अप्रिय रूप पत्करणे, हा निवाडा करण्याची मुभा कॅमेऱ्यापुढे उभ्या असलेल्या नटीस क्वचितच मिळते.

दरवर्षी १२ जानेवारीस सिंदखेड राजा येथे जिजाऊ जन्मोत्सवास लोटणाऱ्या गर्दीत आता नऊवारी नेसून, कपाळी आडवे कुंकू लावून, जिजाऊ झालेल्या कितीतरी मुली दिसतात. वाड्याच्या महाद्वारापाशी त्या एकमेकींची छायाचित्रे घेतात, आणि प्रत्येक छायाचित्राखाली स्वतःचे नाव घालतात. गेल्या खेपेस एका मुलीने ते नाव माझ्याकडून वाचून घेतले, अक्षरे बरोबर उमटली आहेत ना, याची खातरजमा करण्यासाठी.

माझ्या आईजवळ हंसाबाईंच्या आत्मकथनाची एक प्रत होती. आजीच्या नजरेस पडू नये म्हणून तिने तिला शाळेच्या पुस्तकासारखे खाकी कव्हर घातले होते आणि ती धान्याच्या कोठीमागील फळीवर ठेवली होती. आई गेल्यानंतर ती माझ्या हाती आली. कव्हरवरच्या चिठ्ठीत पुस्तकाचे नाव नव्हते, हंसा वाडकर हेही नव्हते. आईने तेथे शाईने, ठळक अक्षरांत लिहिले होते: 'रतन'.